नावाला कंस करण्याआधी

नाशिक

प्रिय मुली,

अनेक शुभाशीर्वाद.

ग्राम महसूल अधिकारी, म्हणजे पूर्वीच्या भाषेत तलाठी, म्हणून तुझी नेमणूक झाली आणि सजाही, म्हणजे तुझ्याकडे सोपवलेला गावांचा गटही, निफाड तालुक्यातला मिळाला, हे वाचून मनापासून आनंद झाला. तुझ्या पत्रातला एक प्रश्न मात्र मी पुन्हा पुन्हा वाचला. स्पर्धा परीक्षेच्या तयारीत स्त्रियांच्या बदलत्या स्थानावर तू कितीतरी निबंध लिहिलेस आणि आता हाती आलेल्या नोकरीत मात्र उतारे देणे, पंचनामे करणे आणि वसुली करणे एवढेच दिसते आहे. या कामातून बायकांसाठी खरोखर काही करता येते का, असे तू विचारले आहेस. महसूल खात्यातच नोकरी करून निवृत्त झालेल्या माझ्यासारखीने याचे उत्तर दोन ओळींत देणे बरे नव्हे, म्हणून हे पत्र लांबणार आहे.

करता येते, आणि ते या नोकरीत जितके करता येते तितके फार थोड्या नोकऱ्यांत करता येत असेल. स्त्रीचे स्थान किती बदलले याचा अंदाज लोक भाषणांवरून, निकालांच्या याद्यांवरून किंवा रस्त्यावरच्या दुचाकींवरून बांधतात. माझ्या मते तो गावच्या फेरफार नोंदवहीवरून, म्हणजे जमिनीच्या हक्कांतले बदल नोंदवण्याच्या वहीवरून, बांधावा. घरातला कर्ता पुरुष गेल्यानंतर कोणाची नावे लागली, कोणाची लागली नाहीत, आणि लागलेल्यांपैकी कोणाच्या नावाला पुढच्या फेरफाराने कंस झाला, म्हणजे ते नाव कमी झाले, हे त्या नोंदवहीत क्रमाने लिहिलेले असते. ती नोंद आता तुझ्या हातून होणार आहे.

बदल झालाच नाही असे म्हणणाऱ्यांतली मी नाही. आपल्याच जिल्ह्यात पाहा. हरसूलजवळच्या सावरपाड्यातून आलेल्या कविता राऊतने २०१० मध्ये राष्ट्रकुल स्पर्धेत दहा हजार मीटर धावण्याचे कांस्यपदक मिळवले आणि त्याच वर्षी आशियाई स्पर्धेत रौप्यपदक मिळवले. सातपूर आणि अंबडच्या कारखान्यांत सकाळच्या पाळीला जाणाऱ्या मुलींची गर्दी आता कोणाला नवी वाटत नाही. १९८९ मध्ये येथे मुक्त विद्यापीठ सुरू झाले आणि लग्नामुळे शाळा सुटलेल्या कितीतरी बायकांनी मुले मोठी झाल्यावर पदवी घेतली. ७३ व्या घटनादुरुस्तीने १९९३ पासून पंचायतींत स्त्रियांना एकतृतीयांश जागा मिळाल्या आणि २०११ मध्ये आपल्या राज्याने त्या निम्म्या केल्या. सरपंचाच्या खुर्चीवर बाई आणि बोलायला तिचा नवरा, हा प्रकार अजून संपलेला नाही, पण दुसऱ्या खेपेला निवडून आलेली बाई ग्रामसभेत स्वतः उठून उत्तर देते, हेही मी पाहिले आहे. याहून मागे जायचे तर १९३० मध्ये सुरू झालेल्या काळाराम मंदिराच्या सत्याग्रहात बायका मोठ्या संख्येने होत्या, आणि याच शहरात वाढलेल्या शांताबाई दाणी पुढे आंबेडकरी चळवळीच्या नेत्या म्हणून विधान परिषदेपर्यंत पोहोचल्या. नाशिकच्या बाईला घराबाहेर पडायला कोणी कालपरवा शिकवलेले नाही.

म्हणूनच पुढची गोष्ट मला अधिक टोचते.

तुझा सजा द्राक्षाच्या पट्ट्यात आहे. ऑक्टोबर छाटणीनंतर एखाद्या बागेत सकाळी लवकर जा आणि तेथे कोण काय करते ते नीट पाहा. ट्रॅक्टरवर औषध फवारणारा पुरुष असेल. बाकी मांडवाखाली बहुतेक बायका असतील. फेलफुटी, म्हणजे वेलीचे नको असलेले फुटवे, त्या काढतात, घडांची विरळणी त्या करतात, जीए या वाढीच्या संजीवकाच्या द्रावणात एकेक घड बुडवून काढण्याचे डिपिंगही त्याच करतात. डिपिंगच्या दिवसांत हात सतत डोक्याच्या वर राहतात, द्रावण कोपरापर्यंत ओघळते, आणि संध्याकाळी खांदा इतका भरून येतो की भाकरी थापताना हात उचलत नाही. या घडाला अजून विरळणी हवी की नको, मण्याला जाडी येईल की नाही, हे त्या नुसत्या नजरेने सांगतात. बाग स्वतःची असेल तर मालकीणही त्यांच्याबरोबर त्याच मांडवाखाली असते, शिवाय पेठ-सुरगाण्याहून आलेल्या मजुरांच्या टोळीचा चहा, हजेरी आणि हिशेब तीच पाहते. लासलगावच्या बाजारात जाणाऱ्या कांद्याचेही तसेच आहे. रोप लावण्यापासून कांदा कापून चाळीत भरेपर्यंत माल बायकांच्या हातातून जातो आणि ट्रॅक्टरमध्ये चढला की पुरुषाचा होतो.

याच मालकिणीचे नाव एखाद्या नोंदणीकृत दस्तात आले तर नावापुढे वय लिहितात आणि त्यापुढे ‘धंदा’ या शब्दासमोर ‘घरकाम’ असे लिहितात. तिच्या शेजारी तिच्या भावाचे किंवा दिराचे नाव असते आणि त्याच्यापुढे ‘धंदा – शेती’ असते. दस्तलेखकाच्या मनात काही वाईट नसते. आधीच्या दस्तात तसे होते म्हणून पुढच्यात तसे येते. पण शेती कोण करते याचा निकाल त्या एका शब्दाने लागून जातो आणि कोणी तो वाचतही नाही.

ग्रामीण भारतात काम करणाऱ्या दर चार स्त्रियांपैकी सुमारे तीन शेतीत आहेत. २०१५-१६ च्या कृषी गणनेनुसार मात्र देशातल्या शेतजमिनीच्या वहितीधारकांत, म्हणजे जमीन कसण्याचा कारभार ज्यांच्या हाती आहे त्यांच्यात, स्त्रियांचे प्रमाण सुमारे १४ टक्के होते. हे अंतर नुसत्या मानापानाचे नाही. सातबारावर नाव नसेल तर विविध कार्यकारी सोसायटीत खातेदार म्हणून सभासदत्व मिळत नाही आणि पीककर्ज मिळत नाही. सोसायटीत सभासद नसेल तर संचालक होण्याचा प्रश्न येत नाही, आणि बाजार समितीच्या निवडणुकीत सोसायटीच्या संचालकांना जे मत असते तेही तिच्यापर्यंत पोहोचत नाही. पीकविमा, नुकसानभरपाई, अनुदान, सन्मान निधी हे सारे खातेदाराच्या नावाने येते. कांद्याचा लिलाव कधी सुरू व्हावा, गोणीमागे कपात करावी की नाही, असल्या गोष्टी ठरवणाऱ्या टेबलाभोवती राखीव जागा सोडल्या तर बाई दिसत नाही, त्याचे कारण अनेकदा असे उताऱ्यापाशी सापडते.

हे आपल्या जिल्ह्याला कोणी सांगितले नव्हते असेही नाही. नोव्हेंबर १९८६ मध्ये शेतकरी संघटनेचे महिला अधिवेशन चांदवडला भरले होते आणि महाराष्ट्राच्या कानाकोपऱ्यातून बायका तेथे आल्या होत्या. त्यानंतरच्या काही वर्षांत संघटनेचे संस्थापक शरद जोशी यांनी लक्ष्मी मुक्तीचा कार्यक्रम दिला. शेतकऱ्याने आपल्या जमिनीचा काही भाग स्वेच्छेने पत्नीच्या नावे करून द्यावा, आणि ज्या गावातले शंभर शेतकरी असे करतील त्या गावाचा सन्मान व्हावा, अशी ती कल्पना होती. बाईला दान करा असे त्यात नव्हते; तिच्या घामाचे देणे फेडा असा त्यामागचा हिशेब होता. नवऱ्याने अर्ज केला तर पत्नीचे नाव सातबारावर सहहिस्सेदार म्हणून लावण्याची सोय सरकारनेही करून दिली. ती सोय आजही विचारायला येणारे फार थोडे असतात, कारण ती आहे हेच ठाऊक नसते. तुझ्या कार्यालयाच्या भिंतीवर इतके फलक लागतील, त्यात या सोयीचाही एक स्वच्छ अक्षरात लाव.

आता कायद्याकडे येते. तू तो परीक्षेसाठी वाचला आहेस, पण चावडीवर तो वेगळ्याच रूपात भेटतो. गावात तुला ठामपणे सांगितले जाईल की १९९४ नंतर लग्न झालेल्या मुलींनाच हिस्सा आहे. ही समजूत निराधार नाही, जुनी आहे. महाराष्ट्राने १९९४ मध्ये वारसा कायद्यात दुरुस्ती करून वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाबरोबरीचा सहदायाद, म्हणजे जन्मतः हिस्सेदार, केले, तेव्हा आधी लग्न झालेल्या मुली तिच्याबाहेर राहिल्या होत्या. केंद्राची दुरुस्ती ९ सप्टेंबर २००५ पासून लागू झाली आणि तिने तो भेद ठेवला नाही. पुढे वडील त्या दिवशी हयात असायला हवेत की नकोत यावर बराच वाद चालला. ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की मुलीचा हक्क जन्माने आहे आणि त्यासाठी वडील हयात असण्याची अट नाही. २० डिसेंबर २००४ च्या आधी कायदेशीरपणे पूर्ण झालेल्या वाटण्या आणि व्यवहार मात्र त्यामुळे उकरले जात नाहीत. आणि एक गोष्ट तर फारच कमी लोकांना माहीत असते. वडिलांच्या स्वकष्टार्जित मिळकतीत, त्यांनी मृत्युपत्र केलेले नसेल तर, मुलगी १९५६ पासूनच मुलाबरोबरीची वारस आहे. तिची आई आणि आजीही त्याच पहिल्या वर्गातल्या वारस आहेत.

कायदा इतका स्पष्ट असताना नावे का लागत नाहीत, हे तुला पहिल्या काही महिन्यांतच दिसेल. मुलगे वारस नोंदीचा अर्ज घेऊन येतात, सोबत मृत्यूचा दाखला आणि वारसांचे शपथपत्र असते, आणि त्या शपथपत्रात बहिणींची नावेच नसतात. विचारले तर म्हणतात, त्यांची लग्ने झाली, त्या आपापल्या घरी सुखी आहेत. येथे तू थांबायचे आहेस. शिधापत्रिकेवर नाव नाही म्हणून मुलगी वारसांतून जात नाही. स्थानिक चौकशी ही कागदावर उरकायची गोष्ट नाही. पोलीस पाटलाला विचार, शेजारच्या म्हाताऱ्या बाईला विचार, कारण कोणाला किती लेकी आणि त्या कुठे दिल्या हे तिच्याइतके कोणालाच माहीत नसते. सगळी नावे सहा-क च्या, म्हणजे वारसांच्या, नोंदवहीत येऊ दे. फेरफाराची नोटीस काढताना बहिणीच्या सासरचा खरा पत्ता माग. ‘मार्फत भाऊ’ असा पत्ता लिहिलेली नोटीस भावाच्याच घरी पोहोचते आणि हरकतीचे पंधरा दिवस तिला कळण्याआधी संपतात.

जुने सातबारे वाचतानाही डोळे उघडे ठेव. पुष्कळ खात्यांवर थोरल्या भावाच्या नावापुढे ए.कु.मॅ., म्हणजे एकत्र कुटुंबाचा मॅनेजर, अशी नोंद असते, आणि आई व बहिणी उजव्या बाजूच्या ‘इतर हक्क’ या रकान्यात ढकललेल्या असतात. त्या रकान्यात सोसायटीचा बोजा, विहिरीतला हिस्सा, पाटाचे पाणी आणि वाट यांच्या नोंदी असतात. जन्मदात्या आईचे नाव त्यांच्या रांगेत बसवलेले पाहिले की मला आजही वाईट वाटते. मृत खातेदारांच्या वारसांची नावे लावण्यासाठी सरकारने २०२५ मध्ये जिवंत सातबारा मोहीम घेतली. अशा मोहिमेत कामाचा उरक पाहिला जातो, किती नोंदी झाल्या ते विचारले जाते. त्या नोंदींत मुली किती, हे तू स्वतःला विचारायचे आहे, कारण तुला ते दुसरे कोणी विचारील असे नाही.

तुझी मर्यादाही लक्षात ठेव. तू हक्क देणारी नाहीस, आहे तो हक्क नोंदवणारी आहेस. फेरफार ही मालकी ठरवणारी गोष्ट नाही, हे न्यायालयांनी वारंवार सांगितले आहे. नाव लागले नाही म्हणून बहिणीचा हिस्सा बुडत नाही. पण नाव नसले की तो सिद्ध करण्याचे ओझे तिच्यावर पडते, वकील तिला द्यावा लागतो, तारखा तिला कराव्या लागतात, आणि तेवढ्यात जमीन दोन हातांपलीकडे गेलेली असते. हरकत आली तर ती तक्रार नोंदवहीत घे आणि वरिष्ठांकडे जाऊ दे. कोणाचीही बाजू घेऊन भांडू नकोस. तू पक्षकार झालीस की तू केलेली नीट नोंदसुद्धा संशयाने पाहिली जाते.

आता मी ज्यासाठी हे पत्र लिहायला बसले तो भाग. नाव लागते आणि काही दिवसांतच हक्कसोडपत्र येते. बहीण ‘लिहून देणार’ असते, भाऊ ‘लिहून घेणार’ असतो, मुद्रांक शुल्क नाममात्र असते, आणि मजकूर ठरलेला असतो: मला माझ्या हिश्श्याची आवश्यकता नाही, मी राजीखुशीने व कोणाच्याही दडपणाखाली न येता माझा हक्क कायमचा सोडून देत आहे. शिकलेल्या मुलींचा याबाबत राग असतो की या बायका सही करतातच का. तू तसा राग धरू नकोस. बाई अडाणी असते म्हणून सही करते, असे मला कधीच वाटले नाही. तिचा हिशेब पक्का असतो. नवरा गेला, त्याने टाकले, सासरी निभले नाही, तर उंबरा चढायला तिला एकच घर असते, ते भावाचे. दिवाळीला भाऊबीज, मुलीच्या लग्नात मामाने उभे राहणे, बाळंतपणाला माहेरी येणे, या सगळ्याची किंमत ती त्या सहीने मोजते. अर्धा एकर जमीन घेतली आणि भावाने दार लावले, तर ती जमीन कसायला ती सासरहून रोज येणार आहे थोडीच? तिच्या पायाखाली दुसरे काही असेल तरच ती हा सौदा नाकारू शकते, आणि तिच्या पायाखाली जे असायला हवे ते नेमके याच सहीने जाते.

भावाचे म्हणणेही ऐकून घ्यावे लागते. तीन एकरांची बाग, तिच्यावर सोसायटीचे आणि बँकेचे कर्ज, एका गारपिटीत हातचे गेलेले पीक, आणि शेवटच्या आजारपणात आईवडिलांचे सर्व त्याने आणि त्याच्या बायकोने केलेले. त्याला वाटते की आपण राबलो आणि आता वाटेकरी आले. बहिणीच्या लग्नात खर्च केला तोच तिचा हिस्सा, असेही तो म्हणतो. या शेवटच्या मुद्द्याला कायद्यात आधार नाही आणि माझ्या मते न्यायातही नाही, कारण तो खर्च तिला विचारून झालेला नसतो आणि त्यातले फार थोडे तिच्या हाती राहते. पण कर्ज आणि सेवा हे खरे प्रश्न आहेत, आणि ते वाटणीत मोजता येतात. बहिणीला हिस्सा ठेवून बाग भावाकडे कसायला देता येते, हिश्श्याचे मोल ठरवून ते हप्त्यांनी घेता येते, थोडी जमीन ठेवून बाकी सोडता येते. सगळे सोडायचे किंवा कोर्टात जायचे, एवढेच दोन मार्ग आहेत असे दोन्ही बाजूंना वाटत असते. मधले मार्ग त्यांना कोणी दाखवलेले नसतात.

समृद्धी महामार्गासाठी सिन्नर आणि इगतपुरी तालुक्यांत जमिनी गेल्या, तेव्हा मोबदल्यासाठी उताऱ्यावरच्या प्रत्येकाची संमती लागली आणि वर्षानुवर्षे न विचारलेल्या बहिणी एकाएकी महत्त्वाच्या झाल्या. नाशिक शहर पसरत चालले तसे त्याच्या कडेच्या गावांतही हेच घडते आहे. जमिनीला भाव आला की बहिणींना हक्क आठवतो, असे लोक कडवटपणे म्हणतात. मला त्यात काही गैर वाटत नाही. भावालाही तीच जमीन विकावीशी तेव्हाच वाटलेली असते.

तुझ्या हातात एवढे आहे: हक्कसोडपत्रावरून फेरफार धरताना, शक्य असेल तेव्हा, त्या बाईशी तू एकटीने दोन वाक्ये बोल. तिला सल्ला देऊ नकोस. तुमचा हिस्सा किती आहे हे तुम्हाला माहीत आहे का, आणि ही सही झाल्यावर तो परत मागता येत नाही हे कोणी सांगितले आहे का, एवढेच विचार. एखादी म्हणेल, माहीत आहे बाई, पण भाऊ हवा. तिचा निर्णय तिचा आहे आणि त्याचा मान राख. एखादी काहीच न बोलता तुझ्याकडे पाहत राहील. तिला पुढच्या आठवड्यात पुन्हा यायला सांग आणि तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे स्त्रियांना मोफत सल्ला मिळतो, हे सांगून ठेव. सही साध्या कागदावर किंवा नुसत्या स्टँपवर घेऊन कोणी आले तर नोंद धरू नकोस. स्थावर मिळकतीचा हक्क सोडायला नोंदणीकृत दस्तच लागतो.

विधवांबाबत विशेष सावध राहा. तरुण विधवेचे नाव लावायला दीर राजी नसतात, ती दुसरे लग्न करील आणि जमीन परक्या घरी जाईल, या भीतीने. नवऱ्याच्या वारसाने तिला मिळालेला हिस्सा तिच्या संपूर्ण मालकीचा होतो आणि पुढे तिने लग्न केले तरी तो जात नाही. हे ज्या दिवशी गावात माहीत होईल, त्या दिवशी तिच्याशी बोलण्याची घरच्यांची रीतही बदलेल, असे मला वाटते.

तुझी बदली कधी सुरगाणा किंवा पेठ या आदिवासी तालुक्यांत झाली तर वरचे बरेचसे तेथे जसेच्या तसे लागू पडणार नाही. अनुसूचित जमातींना हिंदू वारसा कायदा लागू नाही. तसे त्याच कायद्याच्या दुसऱ्या कलमात म्हटले आहे. तेथे रूढी चालते आणि रूढी बहुधा मुलाच्या बाजूची असते. जुलै २०२५ मध्ये छत्तीसगडमधल्या एका गोंड कुटुंबाच्या दाव्यात सर्वोच्च न्यायालयाने समानतेच्या तत्त्वावर स्त्रीच्या वारसांना हिस्सा दिला, ते निकालपत्र मिळवून वाच. पण वनपट्ट्याचे तसे नाही. २००६ च्या वनहक्क कायद्यात विवाहितांचा हक्क पती-पत्नी दोघांच्या नावे नोंदवावा असे स्पष्ट लिहिले आहे, आणि माझ्या माहितीत आपल्या जमीनविषयक कायद्यांत इतक्या साफ शब्दांत बायकोचे नाव फारसे कुठे आलेले नाही. मार्च २०१८ मध्ये नाशिकहून मुंबईपर्यंत शेतकऱ्यांचा मोर्चा चालत गेला, तेव्हा त्यातल्या आदिवासी बायकांच्या फोड आलेल्या तळव्यांची छायाचित्रे सगळ्या देशाने पाहिली. वनजमिनीचे हक्क ही त्यांची मुख्य मागणी होती. त्या बायकांचे नाव पट्ट्यावर दुसऱ्या ओळीत असले तरी ते पुढे सातबारावरही उतरले आहे का, हे तपासणे तुझ्या टेबलावरचे काम असेल.

शहराबद्दल थोडेच लिहिते. गंगापूर रोडला किंवा पाथर्डी फाट्याला नवे घर घेणारी काही जोडपी हल्ली ते एकट्या बायकोच्या नावे घेतात, कारण २०२१ पासून केवळ स्त्रीच्या नावे घर घेतले तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे. सवलतीसाठी का होईना, नाव लागले ते चांगलेच. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात सरकारी कागदांवर वडिलांच्या नावाआधी आईचे नाव येते, हाही बदल मला मोलाचा वाटतो; पण त्या मुलाच्या आईचे नाव घराच्या कागदावर आहे का, हे मी लगेच विचारते.

नोकरीतल्या तुझ्या स्वतःच्या वागण्याबद्दलही लिहायला हवे. सुरुवातीला लोक तुझ्यासमोर उभे राहून तुझ्या हाताखालच्या कोतवालाशी बोलतील. तू शांतपणे कागद मागून घे आणि प्रश्न स्वतः विचार. काही दिवसांनी ते बंद होते. बायका कामाच्या दिवसांत दुपारी येऊ शकत नाहीत, बाजाराच्या दिवशी येतात, तेव्हा त्या दिवशी दौऱ्यावर जाऊ नकोस. बाईबरोबर आलेला पुरुष तिच्या वतीने बोलू लागला तर त्याला बसायला खुर्ची दे आणि उत्तर तिच्याकडूनच घे.

शेवटी एक विचारायचे राहिले आहे, आणि तू ते मनावर घेऊ नयेस असे मी म्हणणार नाही. तुमची दिंडोरी तालुक्यातली जमीन अजून तुझ्या आजोबांच्याच नावे आहे, असे तुझी आई मागे म्हणाली होती. वारस नोंद कधीतरी होईल. तुझ्या आत्यांची नावे त्यात येतील की नाही, आणि पुढे तुझ्या भावासमोर बसून तुझ्या हिश्श्याविषयी तू काय बोलशील, याचा विचार कार्यभार घेण्याआधी कर. तुझा भाऊ समंजस आहे, म्हणून हे बोलणे आत्ताच, कोणी आजारी नसताना आणि कोणाच्या मनात काही नसताना, वडिलांच्या समोर व्हावे असे मला वाटते. तू काय ठरवावेस हे मी सांगत नाही. हिस्सा ठेवलास तरी मला आनंद आहे आणि सारे समजून उमजून सोडलास तरी मी तुला बोल लावणार नाही.

कार्यभार घेतलास की सजातल्या एका गावाची गेल्या दहा वर्षांची फेरफार नोंदवही घेऊन बस. वारसांचे फेरफार वेगळे काढ, त्यांत मुली किती आल्या, किती इतर हक्कात गेल्या आणि किती पुढे हक्कसोडाने कमी झाल्या, ते एका वहीत उतरवून ठेव. ती वही घेऊन एखाद्या रविवारी घरी ये. आपण दोघी ती ओळीने वाचू, आणि ज्या नोंदी तुला संशयास्पद वाटतील त्यांत नियमाप्रमाणे काय करता येते, ते मी तुला दाखवीन.

आईला नमस्कार सांग.

तुझी,
मावशी